टाळ्यांची धास्ती

माझा नवरा सेवेरिन नट आहे आणि त्याला टाळ्यांची भीती वाटते. हसू नका.

वूच शहरात आम्ही दोघं एकाच नाटकमंडळीत होतो. चाळीसेक वर्षांपूर्वी देशात लष्करी राजवट आली, रस्त्यावर रणगाडे उभे राहिले, तेव्हा आम्ही नटांनी ठरवलं की सरकारी टीव्हीवर कुणी पाऊल ठेवायचं नाही. जो ठेवील त्याला प्रेक्षक शिक्षा द्यायचे. अंडी नाहीत, शिव्या नाहीत. तो रंगमंचावर आला की टाळ्या सुरू व्हायच्या आणि थांबायच्याच नाहीत. त्याला एक शब्द बोलू द्यायचे नाहीत.

सेवेरिनने पाऊल ठेवलं नव्हतं. पण आदल्या उन्हाळ्यात चित्रित केलेलं त्याचं एक विनोदी नाटक त्या मेल्या टीव्हीवाल्यांनी नेमकं जानेवारीत, बहिष्कार ऐन भरात असताना दाखवलं. कुणाकुणाला सांगत फिरणार? शनिवारी दुपारच्या खेळाला तो रंगमंचावर आला, आणि टाळ्या. तोंड उघडलं, टाळ्या. मिटलं, तरी टाळ्या. समोर आमचा दातांचा डॉक्टर होता, आमची शेजारीण होती. सगळे गंभीर तोंडाने, नेटाने वाजवत होते. शेवटी पडदा पाडावा लागला. चोर सोडून संन्याशाला फाशी, दुसरं काय.

त्यानंतर तो नाटकात उभा राहिला नाही. सिनेमे मात्र भरपूर केले, कारण कॅमेरा टाळ्या वाजवत नाही. खेड्यातले पाद्री, फौजदार, दारुडे बाप. लोक रस्त्यात थांबवून त्याचा हात हातात घेतात. नाटकाचं नाव काढलं की खोलीतून उठून जातो.

यंदा त्याची पंचाहत्तरी झाली. आमच्या जुन्या थिएटरने त्याच्यासाठी खेळ ठेवला, त्याच रंगमंचावर. मरण्याआधी तिथे एक वाक्य तरी पुरं बोलायचंय, म्हणून तो हो म्हणाला. मी त्याच्या बहिणीचं काम घेतलं.

खेळाच्या दिवशी त्याने सूपसुद्धा घेतलं नाही. रंगपटात त्याने मिशी दोनदा वाकडी लावली, शेवटी मीच चिकटवली.

"हान्का, तेच लोक असतील का गं?"

"त्यातले निम्मे वर गेले, उरलेल्यांचे गुडघे गेले. जिना कोण चढतोय?"

"गुडघे गेले तरी हात असतात."

तेवढ्यात दिग्दर्शिका कालिना डोकावली. त्या वेळी तिचा जन्मही झाला नव्हता, तिला काय ठाऊक. "काका, एक खुर्ची रिकामी नाही. तुम्ही दिसलात की छप्पर उडवतात की नाही बघा."

सेवेरिन रंगाखाली पांढरा पडला. मला तिच्या थोबाडीत द्यावीशी वाटली.

"त्यांना सांग, काय वाजवायचं ते शेवटी वाजवा म्हणावं," मी म्हणाले.

"असं कसं सांगणार, काकू?" ती हसून निघून गेली.

पडदा वर गेला तेव्हा आम्ही दोघं टेबलाशी बसलो होतो. पहिलं वाक्य त्याचं होतं, "दार कुणी उघडं टाकलं?" एवढंच. त्याने तोंड उघडलं आणि टाळ्या सुरू झाल्या. लोक उभे राहिले. पुढच्या रांगेत कुणीतरी रडत होतं. मी टेबलाखाली त्याचा हात घट्ट धरला. थांबतील, आता थांबतील. थांबेनात. त्याने पुन्हा तोंड उघडलं, तशा आणखी वाढल्या. मग त्याचा हात माझ्या हातातून सुटला. तो उठला आणि विंगेत चालता झाला. लोकांना वाटलं, म्हातारा गहिवरला.

रंगपटात तो कोपऱ्यात उभा होता. भिंतीवरच्या स्पीकरमधून सभागृहातला आवाज येतच होता. त्याने त्यावर आपला ओव्हरकोट टाकला होता, तरी येत होता.

"हान्का, या कसल्या आहेत?"

"प्रेमाच्या आहेत रे, वेड्या."

"तू ऐक. नीट ऐक."

मी कोटाला कान लावला. सगळा जन्म मी टाळ्यांवर काढला आहे. डोळे मिटून ऐकत राहिले. त्या शनिवारी दुपारी असाच आवाज होता. अगदी असाच. मला फरक सांगता येईना.

सेवेरिन माझ्या तोंडाकडे बघत होता.