टँकिनी आणि एकेचाळीस पाठमोरे भाऊ

माझी नात नेइजोन पाण्यात उतरली की झगा भिजायच्या आत पलीकडे पोचलेली असते, असं आमच्या एजिट बेटावरची माणसं म्हणतात. हे वाढवून सांगणं झालं. झगा भिजतो. गळ्यापासून पोटऱ्यांपर्यंतचा फुलाफुलांचा झगा, मी घालते तसलाच. चर्चला तोच, मासे साफ करायला तोच आणि पोहायलाही तोच. भिजला की तो तान्ह्या पोराएवढा जड होतो. तेवढं ओझं ओढत ही पोरगी एजिटच्या पोरांना हरवते, आणि ती मेली पोरं म्हणतात, तिच्या झग्यात वारा भरला होता.

यंदा बेटाबेटांच्या खेळांना आमच्याकडून एकच मुलगी पोहायला जाणार होती. ती नेइजोनच असावी असं मला वाटत होतं. तिला तर इतकं वाटत होतं की तिनं आठवडाभर भांडी न सांगता घासली. उलिगा गावातल्या बोटींच्या धक्क्यावर निवड व्हायची होती. पन्नास मीटर, चौतीस सेकंदांच्या आत, आणि दोघींत जी कमी वेळात येईल ती. दुसरी म्हणजे लॉरा गावची तारजेन, कालोराची नात. ही कालोरा आणि मी चाळीस वर्षं एकाच बाजारात केवड्याच्या पानांच्या चटया विकतो, आणि एकमेकींची चटई कुठे उसवली आहे ते गिऱ्हाइकाला आपणहून दाखवतो.

निवडीच्या दोन दिवस आधी, ओहोटी बघून, पोहायला शिकवणारी मेरेओनी खडकांवरून चालत एजिटला आली. ती फिजीची. बाई चांगली, पण घाईची. आल्या आल्या तिनं पिशवीतून एक पिवळी गोष्ट काढली आणि माझ्या चटईवर ठेवली. त्यावर अननस छापलेले होते. वरचा भाग बिनबाह्यांच्या बनियनसारखा होता. खालचा भाग कुठे संपतो ते शोधायला मी चष्मा मागवला, आणि चष्मा आल्यावर कळलं की तो सुरू होतो तिथंच संपतो.

"झगा तिथं चालत नाही, आजी," मेरेओनी म्हणाली. "नियम आहे. सैल कपडा नको. शर्यतीचे पोशाख जहाजानं यायचे होते, जहाज आलं नाही. हे दान आलेल्या खोक्यात मिळालं. दोन होते, दुसरं निळं, ते तारजेनला दिलं."

"याला म्हणतात काय?"

"टँकिनी. घाबरू नका, ही बिकिनी नव्हे. हिच्यात पोट झाकलं जातं."

"पोटाला कोण विचारतंय?" मी म्हटलं. आमच्याकडे पोटाला अब्रू नसते. अब्रू असते ती मांड्यांना.

माझी धाकटी बहीण जोरिका निरफणस सोलत बसली होती, ती म्हणाली, "ताई, त्यातलं किनी म्हणजे आपलंच ना?"

मेरेओनीला काही कळेना. बिचारीला वाटत होतं, बिकिनी हे कुठल्यातरी परदेशी कपड्याचं नाव. मग तिला बसवलं, हातात शहाळं दिलं आणि सांगितलं, कारण ज्याचं नाव घेऊन माणूस माझ्या दारात येतो त्याचं कूळ त्याला माहीत असलेलं बरं.

बिकिनी आमचं बेट. आमच्या बोलीत त्या नावाचा अर्थ नारळांची जमीन. माझी आई नऊ वर्षांची असताना एका रविवारी चर्चनंतर अमेरिकेचा अधिकारी आला आणि म्हणाला, साऱ्या मानवजातीच्या भल्यासाठी तुमचं बेट थोडे दिवस द्या. मानवजात म्हटल्यावर आमच्या माणसांना नाही म्हणवेना. आई एका हातात चटई आणि दुसऱ्या हातात कोंबडी घेऊन जहाजात चढली. ते थोडे दिवस अजून चालू आहेत, म्हणून आम्ही इथं एजिटवर. मग तिथं बॉम्ब फोडला. तो फुटला त्याच्या चौथ्या दिवशी पॅरिसमध्ये एका माणसानं कापडाचे चार त्रिकोण दोऱ्यांनी बांधले आणि त्यांना आमच्या बेटाचं नाव दिलं. तो माणूस मुळात मोटारी बनवणारा, आणि आईचं बायकांच्या आतल्या कपड्यांचं दुकान सांभाळायचा. वर्तमानपत्रात बॉम्बचं नाव गाजत होतं, त्याला वाटलं आपला कपडाही तसाच धडाक्यानं गाजावा.

"म्हणजे बेटावरच्या बायका ते घालत म्हणून नाही?" मेरेओनीनं विचारलं.

जोरिका इतकी हसली की सोललेला निरफणस तिच्या मांडीवरून घरंगळला.

"आमच्या बायका आंघोळीलासुद्धा झगा काढत नाहीत," मी म्हटलं. "आणि पुढचं ऐक. कपडा दोन तुकड्यांचा, म्हणून शहाण्यांना वाटलं की त्या नावातलं बि म्हणजे दोन. मग एक तुकड्याची मोनोकिनी काढली, तीन तुकड्यांची त्रिकिनी काढली, आणि बनियन लावून ही तुझी टँकिनी. आमचं बेट मधोमध कापलं आणि शेपूट ज्याला त्याला लावत सुटले. आमच्याकडे नारळाची एक झावळी तोडायची असली तरी आधी त्या जमिनीच्या थोरलीला विचारावं लागतं. यांनी अख्खं नाव नेलं, कोणी विचारलं का?"

"थोरली कोण?"

"तुझ्यासमोर बसली आहे."

जमीन आमच्याकडे आईकडून लेकीला जाते. बिकिनीवरच्या आमच्या कुळाच्या पट्ट्याची थोरली आज मी आहे. तिथं राहायला मिळत नसलं म्हणून काय झालं, थोरली ती थोरली.

मेरेओनीनं शहाळं संपवलं, तोंड पुसलं आणि म्हणाली, "मग आजी, हे कापड तुमच्याच नावाचं. तर ते कसं घालायचं हेही तुम्हीच ठरवा ना. पण परवापर्यंत ठरवा."

ती गेली आणि मी विचारात पडले. नेइजोन एका कोपऱ्यात बसून चटईची पट्टी उगाच विणत आणि उसवत होती. तोंडानं काही बोलत नव्हती, पण पाठीनं बोलत होती.

अडचण कपड्याची नव्हतीच. अडचण भावांची होती. आमच्याकडे बहिणीची मांडी भावाच्या नजरेला पडता कामा नये. पडली तर भावानं तिथून उठून जायचं, आणि बरेच दिवस तिच्यासमोर यायचं नाही. मावशीची मुलं म्हणजे भाऊच, आणि आजीच्या बहिणीचे नातूही भाऊच. मी आणि जोरिकानं बोटांवर मोजलं, मग पायांची बोटं घेतली. नेइजोनला एकेचाळीस भाऊ निघाले. ते सगळे शर्यत बघायला यायला निघाले होते, कारण बहीण पोहणार आणि भाऊ नाहीत हीदेखील लाजच. वर त्यातला एक, जोरिकाचा नातू लांकी, धक्क्यावर घड्याळ धरणार होता.

"त्यांना नका येऊ म्हण," जोरिका म्हणाली.

"आणि लॉराच्या माणसांनी म्हणावं एजिटच्या पोरीच्या मागे कोणी नाही? कालोराला तेवढंच हवंय."

"मग पोरीला नको जाऊ म्हण."

कोपऱ्यातलं विणणं थांबलं.

"माझ्या जमिनीचं नाव त्या कापडावर आहे," मी म्हटलं. "माझ्या जमिनीवर कोणी कुठे बसायचं ते मी सांगते. कोणी कुठे बघायचं तेही मीच सांगणार."

निवडीच्या सकाळी एकेचाळीस भाऊ उलिगाच्या धक्क्यावर रांगेत बसले, तोंडं रस्त्याकडे आणि पाठी पाण्याकडे. समोर एक किराणा दुकान होतं, त्याच्याकडे ते टक लावून बघत होते. दुकानदाराला वाटलं आपलं काहीतरी चुकलं, त्यानं दोनदा बाहेर येऊन पायरी झाडली.

तेवढ्यात कालोरा लॉराची माणसं घेऊन आली. तिनं माझी रांग पाहिली.

"हे काय गं लिबोन? तुझ्या नातवांना पाण्याची भीती वाटते?"

"त्यांना लाज आहे," मी म्हटलं. "तुझ्यांना नसेल तर बसू दे त्यांना पाण्याकडे तोंड करून. बहिणीच्या मांड्या बघत."

कालोराचा चेहरा बघण्यासारखा झाला. तिनं वळून एक आरोळी ठोकली आणि लॉराचे छत्तीस भाऊ माझ्या एकेचाळिसांच्या शेजारी किराणा दुकानाकडे तोंड करून बसले. दुकानदारानं दार लावून घेतलं.

आता घड्याळांचं काय? नेइजोनच्या वेळेला लांकी, तारजेनच्या वेळेला कालोराचा नातू. दोघी शेजारी शेजारी पोहणार, म्हणजे एकीकडे बघताना दुसरी दिसणारच. दोघांनीही पाठ फिरवली. मेरेओनी पोरींबरोबर पलीकडच्या तराफ्यावर शिटी घेऊन उभी होती, ती तिथूनच ओरडली, "वेळ कोण बघणार?"

"आम्ही," मी आणि कालोरा एकदम म्हणालो. आयुष्यात पहिल्यांदाच आमचं एकमत झालं.

ठरलं असं. शिटी ऐकून पोरांनी घड्याळ सुरू करायचं. पोरीचा हात धक्क्याला लागला की तिच्या आजीनं आपल्या नातवाच्या पाठीवर थाप मारायची आणि त्यानं घड्याळ बंद करायचं.

"हळू मार हं आजी," लांकी म्हणाला.

"पुढे बघ."

शिटी वाजली. माझ्यामागे जोरिका भावांना सांगत होती, "निघाली. पुढे आहे. नाही, दुसरी पुढे. आता दोघी. अरे, अननसवाली पुढे." भाऊ दुकानाच्या बंद दाराकडे बघून टाळ्या पिटत होते.

आणि मी बघत होते. नेइजोनला झग्याशिवाय पोहताना मी तोवर कधी पाहिलंच नव्हतं. त्या पोरीचे हात पाण्यातून असे निघत होते जसं पाणीच तिला वर काढून देतंय. पाय दिसतच नव्हते, नुसता फेस. सोळा वर्षं हिला मी कापडात बांधून टाकली होती आणि ही त्याच्या आत अशी होती. तारजेन चांगली पोहते, पण ती दोन हात मागे पडली, मग तीन. नेइजोनचा हात धक्क्याला लागला. तिनं डोकं वर काढलं, माझ्याकडे बघून हसली, आणि मी तिच्याकडे बघून हसले.

"आजी," लांकी म्हणाला. "अजून किती लांब आहे?"

तेव्हा मला थाप आठवली. इतक्या जोरात मारली की तो पुढे पडला.

घड्याळात सत्तेचाळीस सेकंद झाले होते. कालोरानं मात्र तारजेनचा हात लागल्याबरोबर थाप मारली होती. तेहतीस सेकंद आणि आठ दशांश.

"माझी पोर आधी आली," मी म्हटलं. "सगळ्यांनी पाहिलं."

"कोणी पाहिलं?" कालोरा म्हणाली. "तूच सगळ्यांच्या पाठी फिरवल्यास."

ते खरं होतं. पाहिलं होतं ते फक्त बायकांनी, आणि निम्म्या बायका तिच्या होत्या. मेरेओनी तराफ्यावरून आली, घड्याळ पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. नेइजोन पुढे होती हे तिनं मान्य केलं, पण कागदावर वेळ लिहायला लागते. "एकच मार्ग आहे. नेइजोननं एकटीनं परत पोहायचं. आणि या खेपेला आजी, थाप दुसरं कोणीतरी मारेल."

नेइजोन पायरीवर अंगाभोवती चटई गुंडाळून बसली होती, धापा टाकत. तिनं माझ्याकडे पाठ फिरवली. बोलली असती तर बरं झालं असतं.

जोरिका थाप मारायला पुढे झाली तर लॉराच्या बायका म्हणाल्या, ही लवकर मारेल, घरचीच आहे. लॉराची एक पुढे झाली तर आमच्या म्हणाल्या, ही संध्याकाळपर्यंत मारणार नाही. पंधरा मिनिटं हेच चाललं. भावांच्या माना अवघडल्या होत्या. शेवटी मी उठले आणि कालोरासमोर जाऊन उभी राहिले. चाळीस वर्षांत मी तिच्याकडे काही मागितलं नव्हतं, मीठसुद्धा नाही.

"तू मार," मी म्हटलं.

कालोरानं जराशी उशिरा थाप मारली की तिची नात जाणार, हे तिथल्या कोंबडीलाही कळत होतं.

"मी?" कालोरा म्हणाली. "आणि तू काय करशील?"

"मी बघणार नाही. मी बघायला लागले की काय होतं ते पाहिलंस ना."

मी जाऊन भावांच्या रांगेत, लांकीच्या बाजूला, बंद दुकानाकडे तोंड करून बसले. शिटी वाजली. पाठ करून बसणं काय असतं ते तेव्हा कळलं. मागे पाणी फुटत होतं, जोरिका "चालली, चालली" एवढंच म्हणत होती, आणि ती पुढे चालली की दमली ते तिच्या आवाजावरून कळेना. दुकानाच्या दारावर साबणाची जाहिरात होती. ती मी तीनदा वाचली, एक एक अक्षर लावत. पोरीनं आत्ताच एकदा जीव तोडला होता. पन्नास मीटर फार असतात.

थाप वाजली. नीट, बेताची.

"बत्तीस आणि नऊ," लांकी म्हणाला, आणि बाजूचा भाऊ रडायला लागला.

नेइजोनच्या आनंदाच्या आरोळीनं सगळ्या धक्क्याला कळलं. मी उठून पाण्याकडे जायच्या आधी कालोरा माझ्याजवळ येऊन बसली, गुडघे धरत. तिची तारजेन पायरीवर पाय आपटत होती.

"उशिरा मारता आली असती," मी म्हटलं.

"आली असती की."

"मग?"

"मग तू मरेपर्यंत बाजारात सांगत बसली असतीस, कालोरा लबाड आहे." तिनं झग्यानं मानेवरचा घाम पुसला. "आता मरेपर्यंत मी सांगणार, लिबोनची नात खेळांना गेली ती माझ्या हातानं. सोमवारी बाजारात माझ्या चटया पुढे मांडायच्या, तुझ्या मागे."

मी सोमवारी तिच्या चटया पुढे मांडल्या. एक उसवलेली होती, तीही पुढे ठेवली, आणि गिऱ्हाइकाला दाखवली नाही.