पाठमोऱ्या माणसाचा कोट

मी एक कोट बोलतोय. तपकिरी, तीन बटणांचा. पडद्यावर तुम्ही मला पाहिलं असेल. माझ्या मालकाला मात्र पाहूनही विसरला असाल. त्यात तुमचा दोष नाही, त्याचा चेहराच तसा.

शिंप्यानं मला मालकाच्या लग्नासाठी शिवलं. लग्न एका दिवसात उरकलं, मला मात्र बावीस वर्षं राबावं लागलं. छोट्या सिनेमांत कपड्यांची सोय नसतेच. "काका, घरूनच काहीतरी घालून या," असा फोन आला, की स्वारी मला अंगात चढवून निघालीच. मला घालून तो पोस्टमास्तर झाला, कारकून झाला, दोनदा प्रेतही झाला. प्रेत त्याला फार छान जमायचं म्हणे. बायको निघताना विचारायची, "आज जिवंत आहात ना?"

मग एका दिग्दर्शकानं त्याला बापाची भूमिका दिली. मुख्य भूमिका! बायकोनं झाडून सगळ्या नातेवाइकांना कळवलं. सोळा दिवस त्यानं जीव ओतून काम केलं. मला त्याचा फार अभिमान वाटला.

सतराव्या दिवशी दिग्दर्शकानं त्याला बाजूला घेतलं.

"काका, एक मोठे नट तयार झालेत. समोरून घेतलेलं सगळं त्यांच्यावर पुन्हा घेऊ. पाठमोरं मात्र तुमचंच ठेवतोय हं. काय बोलते तुमची पाठ!"

"बरं."

"आणि कोट लागेल. जुळायला हवा ना."

त्यानं तिथंच मला काढून दिलं. थोडं तरी भांडायचं होतंस रे! पण भांडणं त्याच्या रक्तातच नव्हतं.

मोठ्या नटानं मला हुंगून नाक मुरडलं. त्याला कंबरेत ढगळ होतो म्हणून सिनेमाच्या शिंप्यानं माझं दोन्हीकडचं कापड कापून टाकलं. घरी परतलो तेव्हा मालकाच्या पोटावर माझं एकही बटण लागेना.

घरी तो काहीच बोलला नव्हता. सिनेमा लागला, नातेवाइकांनी दोन रांगा भरल्या, आणि पडद्यावर भलताच चेहरा आला. मी त्याच्या मांडीवर घडी होऊन पडलो होतो.

"अहो, तुम्ही कुठे?" बायको कुजबुजली.

"आता दारातून गेला ना, ती पाठ माझी."

मागून मेहुणा खो खो हसला. "भावजी, पाठ काय, कुणाचीही असते!"

बायकोही हसली. ते मी अजून विसरलेलो नाही.

आता मी दिवाणखान्यात टांगलेला असतो. "खुद्द त्यांनी घातलेला कोट," असं बायको आल्यागेल्याला सांगते. माझी हात जोडून विनंती आहे, माझं पायपुसणं करा, पण मला त्या नटाचा म्हणू नका.

परवा मेहुण्यानं मला घालून फोटो काढून घेतला. काढणारा माझा मालकच.

"जरा वळता का?" तो म्हणाला. "पाठमोराही एक घेऊ."

"पाठीचा कशाला? त्यात काय दिसणार?"

"हो, तेही खरंच," म्हणत त्यानं कॅमेरा खाली केला.