उत्तराच्या वाट्याचं निववण

निवव्वाच्या देवळावर पांढऱ्या फुलांचा एक वेल चढलेला आहे. हुबळीत कुणाच्या घरी माणूस गेलं की दहाव्या दिवशी त्या वेलाचा चीक आणतात. त्यात लोणी, कापूर आणि चितेची चिमूटभर राख घालून खलात घोटतात. त्याला म्हणायचं निववण. त्याचं बोट छातीवरून फिरलं की दुःख निवतं. गेलेला आठवतो, पण दुसऱ्या गल्लीतल्या ओळखीच्या माणसासारखा.

फक्त जो घोटतो त्याला ते लावत नाहीत. गेलेला माणूस वर्षभर चालत असतो, आणि मागे जळणाऱ्या त्या एका उराशिवाय त्याच्या वाटेवर दुसरा उजेड नसतो. तो ऊर विझला तर तो असेल तिथेच थांबतो. कायमचा. म्हणून ज्याच्या काळजाचा तुकडा गेला त्यानंच घोटायला बसायचं. बहुतेक घरांत आई बसते.

साकेत तारिहाळच्या कारखान्यातून घरी येताना ट्रकखाली गेला, तेव्हा नवनगरच्या घरात पाट मांडला तो त्याच्या आईसाठी, जयलक्ष्मीबाईंसाठी. त्या बसल्या, बत्त्यावर हात ठेवला आणि उठल्या. मनगटात जोर नाही म्हणाल्या. सुनेला म्हणाल्या, "उत्तरा, तू बैस."

सकाळीच त्या भरली घागर घेऊन जिना चढल्या होत्या. जमलेल्या बायकांनी ते पाहिलं होतं, आणि आता त्या सगळ्या जमिनीकडे पाहत राहिल्या.

उत्तरा बसली. तिला वाटलं, माझ्या उजेडात चालेल तो, हाही एक संसारच. बत्ता फिरू लागला तशी ओठांत ओवी आली:

वाटेच्या वाटसरा, नको मागं तू पाहूस
ऊर माझा गं पेटला, अंधाराला नको भिऊस

पहिलं बोट जयलक्ष्मीबाईंच्या छातीवरून फिरलं. त्यांनी डोळे पुसले, इकडेतिकडे पाहिलं आणि भात गार झालाय, कुणीतरी गरम करा म्हणाल्या. मग सासऱ्यांना लावलं, नणंद रूपालीला लावलं, आणि घर निवलं.

पुढच्या महिन्यांत साकेतचे शर्ट भांडेवालीला गेले आणि त्याबदली एक टब आला. टब चांगला मिळाला यावर दोन दिवस बोलणं चाललं. फोनवर कुणी विचारलं तर सासरे नारायणराव, "हां, मुलगा होता, गेला की," असं जुनी स्कूटर विकल्यासारखं सांगत. वाईट कुणीच वागत नव्हतं. फक्त ही का रडते हे त्या घरात आता कुणालाच कळत नव्हतं.

आणि उत्तरा जळत होती. संध्याकाळी गच्चीवर जाऊन ती छातीवर तळहात ठेवून पाहायची. एखाद्या दिवशी आग कमी वाटली की जीव घाबरायचा. मग ती तिथेच बसून साकेत ताक कसं पितो, झोपेत त्याचे पाय कसे गार पडतात, चिडला की कानडीत कसा भांडतो, एकेक आठवत राहायची. निखाऱ्यावर फुंकर मारावी तसं. छाती पुन्हा धगधगली की हलक्या पावलांनी खाली यायची. आज तो चाललाय.

वर्षश्राद्ध जवळ आलं, आणि त्याच सुमारास रूपालीला पाहायला धारवाडचे लोक यायचं ठरलं.

"वहिनी, तू अशी रडायलीस तर ते दारातूनच धारवाडला परत जातील की," रूपाली म्हणाली. हसत म्हणाली.

उत्तरानं सासूचे पाय धरले. श्राद्धापर्यंतच जळू द्या मला, आत्याबाई, मग म्हणाल तशी राहीन. जयलक्ष्मीबाईंनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि बरं म्हणाल्या.

पाहुणे यायच्या दिवशी उत्तराला खोकला होता. दुपारी जयलक्ष्मीबाई तिच्या खोलीत आल्या, छातीला बाम लावून देते म्हणाल्या. वर्षात त्या घरात तिला कुणी मायेनं हात लावला नव्हता. तिनं सासूच्या मांडीवर डोकं ठेवलं. डोळे मिटले. आईची आठवण झाली.

बाम आधी चुरचुरतो, मग ऊन लागतो. हा गार होता. गार होत होत आत उतरत होता.

रूपालीनं तो सकाळी मिक्सरमध्ये फिरवला होता. चीक फ्रिजमध्ये उरलेलाच होता, राखही.

उत्तरानं सासूचा हात धरला. "आत्याबाई, तो अजून पोचला नाही."

"ठाऊक आहे."

"तुमचा मुलगा आहे तो."

"ठाऊक आहे गं. साकू आता, पुरे झालं," जयलक्ष्मीबाई म्हणाल्या, आणि तान्ह्या बाळाला तेल लावावं तशा जपून, गळ्यापासून बेंबीपर्यंत चोळत राहिल्या. उत्तरा त्यांच्या हाताखाली धडपडत होती. साकेतचं तोंड, ताक, गार पाय, सगळं हाताशी लागेल ते ती घाईघाईनं आठवत होती, पण काही पेट घेईना. मग तिची पकड सुटली. सासूचा हात उगाच का धरून ठेवलाय, असं तिला वाटलं.

ती उठली, तोंड धुतलं, केस विंचरले. खोकलाही बराच कमी झाला होता.

संध्याकाळी धारवाडची मंडळी आली. उत्तरानं शिरा छान केला होता, सगळ्यांनी नावाजला. मुलाची आई भली बाई होती. तिनं उत्तराला जवळ बसवलं, मोकळं कपाळ पाहिलं आणि हळूच विचारलं, मालकांना जाऊन किती दिवस झाले?

"वर्ष होत आलं," उत्तरा म्हणाली. "वाट थोडीच राहिली होती त्याची. आज दुपारी अंधार झाला तिथं. आता उभा असेल."

त्या बाईचा हात ताटातच थांबला.

"तुम्ही काही घेतच नाही," उत्तरा म्हणाली, आणि तिनं शिऱ्याचा डाव पुढे केला.