कोरडं फडकं

नवऱ्याचं घर सोडून ताई धाकट्या बहिणीच्या कँटीनमध्ये आली, त्याला आठवडा झाला होता. पहिल्याच दिवशी तिने ओल्या फडक्याने ओव्हनचा तापलेला ट्रे धरला आणि बोटं पोळून घेतली. "ताई, फडकं कोरडंच हवं! ओल्यातून चटका थेट आत शिरतो," धाकटी ओरडली होती. तेव्हापासून एक कोरडं फडकं ओव्हनशेजारच्या खिळ्यावर असायचं.

आज रताळी होती. ताईने बोटाएवढे काप केले, तेल, तिखट, मिरपूड चोळली आणि ट्रेमध्ये सुटे पसरले. मीठ शेवटी, आधी घातलं की पाणी सुटून सगळा लगदा. ट्रे आत गेला. वीस मिनिटांनी काप उलटायचे होते.

तेवढ्यात दाजी आला. 'आले' म्हणावं असं त्या मेल्याने काही ठेवलंच नव्हतं.

"चल घरी." त्याने ताईचे केस मुठीत धरले.

"येणार नाही."

हे दोन शब्द तोंडातून निघायला बावीस वर्षं लागली होती. त्याने तेच तोंड टेबलावर आपटलं. पुन्हा आपटलं. दात ओठात घुसला. धाकटी मध्ये पडली, तर पोटात लाथ बसून ती डब्यांवर कोसळली.

"हिच्या जिवावर उड्या मारतेस ना? हिचंच तोंड भाजतो. मग बघू कोण ठेवून घेतं तुला!"

त्याने ओव्हन उघडला. तिखटाचा ठसका खोलीभर पसरला.

"फडकं दे!"

ताई ओल्या फडक्याने ओठाचं रक्त पुसत होती. तिची नजर खिळ्याकडे गेली. धाकटीने ते पाहिलं. मागेल ते नवऱ्याच्या हातात द्यायची सवय, ती काय आठवड्यात सुटते?

ताईने हातातलंच फडकं पुढे केलं.

त्याने दोन्ही पंजांत ट्रे आवळून निम्मा ओढला आणि असा किंचाळला की फाटकावरचा रखवालदार धावत आला. त्याने दाजीला मानगूट धरून बाहेर नेलं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, दारातूनही हुकूम सुटला, "अगं, बघतेस काय? चल दवाखान्यात!"

ताईने खिळ्यावरचं कोरडं फडकं घेतलं, ट्रे काढला आणि काप उलटू लागली.

"ताई, मुद्दाम दिलंस?" धाकटीने पोट धरून विचारलं.

"तूच तर शिकवलंस."

तिने एकही काप मोडू दिला नाही.