आत्याचा पहिला महिना

आत्यानं डोक्यावरची रबरी टोपी कानांवर ओढली, पुन्हा वर सरकवली, घसा खाकरून बोलायला सुरुवात केली आणि अर्ध्यातच थांबली.

"झालं," ती म्हणाली. "एवढंच."

पोहण्याच्या तलावाच्या काठावर उभ्या असलेल्या भाचीचा जीव टांगणीला लागला. एकोणीस वर्षं एका वाहिनीच्या स्टुडिओत फ्लोअर मॅनेजर म्हणून काढल्यावर माहितीपट करायचे म्हणून तिनं नोकरी सोडली होती. घरच्यांनी सुखातला जीव दुःखात घालू नकोस म्हणून बजावलं होतं. पहिलाच माहितीपट निम्म्या गावाला पोहायला शिकवणाऱ्या आत्यावर होता. तलाव आज संध्याकाळी कायमचा बंद होणार होता, आणि तीन वाजले तरी हाती अर्ध्या-अर्ध्या मिनिटाचे सात तुकडे लागले होते. एरवी आत्याच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला की समोरच्याचा चहा गार व्हायचा. आपल्याला हे काम जमणारच नाही, अशी भाचीला खरोखर भीती वाटू लागली.

"आत्या, सारखी थांबतेस का गं?"

"तूच सांगतेस म्हणून."

"मी कुठे काय बोलले?"

"बोलायला कशाला हवं? बोट फिरवतेस की हवेत, गोल गोल. मला वाटलं, आवर म्हणतेस."

कॅमेरामन तिचा स्टुडिओतलाच जुना सोबती. तो इतका हसला की कॅमेरा हलला. तिथं या खुणेचा अर्थ 'वेळ संपली, आवरा' असाच होता, आणि त्या एका बोटानं तिनं भल्याभल्या वक्त्यांना गप्प बसवलं होतं. जित्याची खोड! बोट आपोआप वर जायचं, तिला पत्ताही नसायचा. तिनं हात पाठीशी बांधले, तर दोन मिनिटांत ते सुटून पुढे आले. शेवटी आत्यानंच वर्गावर सोडावा तसा हुकूम सोडला, आणि नवशिक्यांच्या फोमच्या पाच-सहा फळ्या दोन्ही हातांनी कवटाळून भाची काठावर बसली.

मग आत्या बोलत सुटली. तिच्या बोलण्यात पाण्यात पाय घालायला आठ दिवस लावणारे पैलवान आले, नवऱ्यांना न सांगता शिकायला येणाऱ्या तिघी जावा आल्या. तासाभरानं ती गप्प झाली. स्टुडिओत तीन सेकंदांची शांतता म्हणजे गुन्हा. भाचीची बोटं फोममध्ये रुतली, पण तिनं ती शांतता तशीच राहू दिली.

"एक सांगू? कुणाला सांगितलेलं नाही," आत्या म्हणाली. "मला ही नोकरी लागली, तेव्हा पोहता येत नव्हतं."

कॅमेरामननं डोळा कॅमेऱ्याला आणखी चिकटवला.

"पहिला महिना कमरेएवढ्या पाण्यात उभी राहून शिकवलं. पाय मारा, श्वास सोडा, सगळं पुस्तकातलं. जीवरक्षक होता म्हणून बरं. एक दिवस एक मुलगी खरंच तरंगली. मलाच धक्का बसला. वर्ग सुटल्यावर तिला गाठलं, म्हटलं, कसं केलंस ते परत दाखव बरं. तिला वाटलं, बाई परीक्षा घेतायत. तिनं दाखवलं, मी शिकले."

आत्यानं टोपी काढली, केस झटकले आणि भाचीकडे निरखून पाहिलं.

"तुला येतो का गं सिनेमा करायला?"

"नाही," भाची म्हणाली.

"मग बरोबर चाललंय तुझं."