कॅमेऱ्यामागचा आर्विड

सिग्रूनचा जन्म माहितीपटांच्या संपादनात गेला. त्यातले निम्मे माहितीपट तिच्या नवऱ्यानं, आर्विडनं, चित्रित केलेले. कॅमेरा धरावा तर त्यानंच, पण गप्प बसणं काही त्याला जमलं नाही. समोरच्याला बोलतं करता करता स्वतःच बोलत सुटायचा. नॉर्वेतल्या ट्रोम्सो शहरातल्या घरी जेवताना यावरूनच वाद.

"अरे, तुझं 'हो का? मग?' कापता कापता माझी बोटं झिजली."

"मी बोललो नाही तर ती माणसं तरी कशाला बोलतील?"

मार्चमध्ये एका बेटावरचं चित्रण आटोपून परतताना बोटीवरच आर्विडचं हृदय बंद पडलं.

माहितीपट होता त्या बेटावरच्या यूरुन नावाच्या म्हातारीवर. आयुष्य काढलेलं घर सोडून ती मुलीकडे राहायला निघाली होती. दिग्दर्शक हाल्वार भेटायला आला. "दुसऱ्या कुणाला देऊ का हे काम?" त्यानं चाचरत विचारलं.

"नको. मीच करते."

कानाला हेडफोन लावले की सुरुवातीला तिला आर्विडच ऐकू यायचा. त्याचा श्वास, नाक ओढणं. एका दृश्यात यूरुन पडदे उतरवत होती. "नवरा समुद्रावरून यायचा तेव्हा इथूनच बघायचात का?" आर्विडनं विचारलं. म्हातारी खुदकन हसली आणि हसता हसता रडायला लागली.

"प्रश्न राहू दे, सिग्रून," हाल्वार म्हणाला. "कोणी काही म्हणणार नाही."

तिनं राहू दिला. पण दृश्य पुन्हा बघताना तिच्या लक्षात आलं, आपण यूरुनकडे बघतच नाही आहोत, आर्विडच्या पुढच्या शब्दाची वाट बघतोय. "ही गोष्ट म्हातारीची आहे," ती म्हणाली. तिनं प्रश्न कापला आणि उठून तोंड धुऊन आली.

शरद ऋतूत बेटावरच्या शाळेत माहितीपट दाखवला. नंतर कॉफी पिताना, मुलीकडून त्यासाठी मुद्दाम आलेली यूरुन सिग्रूनजवळ आली.

"छान झालंय गं. पण मी आपली एकटीच खुळ्यासारखी हसतेय. तो तुमचा बडबड्या कुठाय?"

तिला कुणी कळवलंच नव्हतं. सिग्रूननं सांगितलं. यूरुन बराच वेळ तिचा हात धरून बसली.

"कॅमेरा बंद केल्यावर म्हणाला होता, तुमचं घर उन्हाळ्यापुरतं भाड्यानं द्याल का? बायकोला घेऊन येतो, तिनं फार काम केलंय. मी हो म्हटलं. कुणाला दिलं नाही अजून."

"मला नाही बोलला."

"तू नको म्हणशील, अशी धास्ती होती त्याला."

"म्हटलंच असतं," सिग्रून म्हणाली. "माझ्याकडे नेहमी काम असायचं."

यूरुननं घर बघून जायचा आग्रह केला. चढण चढून दोघी गेल्या. खोल्या रिकाम्या होत्या आणि गार पडल्या होत्या. सिग्रून प्रत्येक खोलीत जाऊन थोडा थोडा वेळ उभी राहिली. मग यूरुननं कुलूप लावलं आणि दोघी बोटीच्या धक्क्याकडे उतरल्या.