खेळातली गवार

तिसऱ्या चौकोनातली खूण वरच्या दोन्हींपेक्षा किंचित वाकडी आहे, की आपल्याच चष्म्याला बोट लागलंय, हे मैनाबाई मघापासून ठरवत होत्या – हातातल्या खेळाचा पडदा केवढा, तर सुपारीच्या डबीएवढा, त्यातला चौकोन केवढा, तर मोहरीएवढा, आणि त्या मोहरीत बसलेली ही बरोबरची खूण, शाळेत बाई पाटीवर करायच्या तशीच... बरोबर, बरोबर, बरोबर. सलग तीन बरोबर मैनाबाईंना आयुष्यात कधी मिळाल्या नव्हत्या, आणि आता मिळाल्या त्या लबाडीबद्दल.

खेळाच्या पाठीवर प्रणालीनं कागदाची पट्टी चिकटवली होती, नातीच्या त्या पळत्या अक्षरात : पहिला कोड, पाणी घालावं लागत नाही. दुसरा, कोणत्याही मोसमात काहीही येतं. तिसरा, रोप मरत नाही. खाली एक हसरं तोंड. ‘चीट कोड म्हणतात याला, आजी,’ नागपूरला कॉलेजात परत जाण्याच्या दिवशी बॅगेची चेन लावता लावता ती म्हणाली होती, ‘त्यात काय एवढं? सगळेच वापरतात.’ सगळेच करतात, हे वाक्य मैनाबाईंनी पातूरच्या बाजारात पन्नास वर्षं ऐकलं होतं – पालकाच्या जुडीच्या पोटात कालची पिवळी पानं दडवणारा प्रत्येक जण हेच म्हणायचा, आणि त्याच्याकडे बघून नाक मुरडणाऱ्यांत मैनाबाई पहिल्या असायच्या.

साडेनऊ झाले होते. अकराच्या सुमारास अकोल्याहून थोरल्या जाऊबाई, रुख्मिणीबाई, येणार होत्या.

तशा त्या नात्यातल्या कुणाच्या साक्षगंधाला, म्हणजे साखरपुड्याला, यायच्या होत्या, पण काल फोनवर त्यांनी सांगून टाकलं होतं, ‘आधी तुह्याकडे येतो, तुहं वावर पायतो, मंग साक्षगंधाले जातो.’ तुहं वावर. हे वावर, म्हणजे मैनाबाईंच्या तळहातावर बसलेला हा खेळ, आणि त्यातली अठ्ठावीस वाफ्यांची बागायत. प्रणालीनं दिवाळीत दोन खेळ आणले होते, एक आपल्या आजीला आणि एक अकोल्याच्या मोठ्या आजीला. बोटं चालती राहतील म्हणाली. आत जुनेच खेळ भरलेले, पण दोघी जावांनी त्यातला एकच धरला – वांगी लावायची, टोमॅटो लावायचे, गाय पाळायची. खरं वावर मुलांनी विकून सतरा वर्षं झाली होती. तेव्हापासून फोनवर बोलायला दुखणी तेवढी उरली होती, आणि आता रोज अकरा वाजता फोन वाजायचा आणि रुख्मिणीबाई म्हणायच्या, ‘हं, काय काय निंघालं आज?’

त्यांच्याकडे रोज काहीतरी निघायचं. रोज! वांगी निघायची, कोथिंबीर निघायची, आणि आषाढापासून गवार सुरू झाली होती – कशी, तर कोवळी, बोटभर, मोडली की कट् वाजणारी. मैनाबाईंनी त्या गवारीपायी खेळातल्या बियाण्याच्या दुकानात इतक्या खेपा घातल्या होत्या की दुकानदार बाई खरी असती, तर तिनं चहा विचारला असता. गवार नव्हती. त्यांनी प्रणालीला मेसेज टाकला, गवारीचा कोड असेल तर पाठव. तिनं डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसणारी तीन तोंडं पाठवली. मैनाबाई समजल्या : गवार वरच्या पायरीवर मिळते, आणि मोठ्या बाई तिथवर पोचल्या आहेत. पोचणारच. त्यांच्या हाताला गुण.

हाताला गुण... हा शब्द आला की अमरावतीच्या राजापेठेतल्या तिसऱ्या मजल्यावर, खाली ट्यूशनच्या पोरांच्या गाड्यांचे हॉर्न वाजत असतानासुद्धा, ओल्या काळ्या मातीचा वास येतो. लग्नाला चार महिने झालेले. वांग्याची रोपं, शेजारी शेजारी दोन वाफे – एक मोठ्या सुनेनं लावलेला, एक धाकटीनं. आठव्या दिवशी मोठीचा वाफा कान टवकारून उभा आणि धाकटीचा आडवा. सगळाच्या सगळा. सासूबाईंनी – पार्बताबाई त्यांचं नाव, बोलणं कमी आणि निकाल जास्त – मैनाचा हात धरला, उलटा केला, स्वतःच्या गालाला लावला, आणि वावरातल्या सगळ्या बायकांसमोर सांगितलं, ‘इचा हात गरम हाय. इले रोपाले हात लावू देजा नोको.’

झालं. त्यानंतर अठ्ठेचाळीस वर्षं मैनाबाईंनी निंदलं, खुरपलं, तोडलं, जुड्या बांधल्या, डोक्यावर पाटी घेऊन बाजार केला. लावलं मात्र काही नाही. सासूबाई गेल्या, नवरा गेला, वावर गेलं, गरम हात राहिला. इथं या फ्लॅटमध्ये आल्यावर सून वर्षाली म्हणाली, आई, हा मनीप्लान्ट जरा बाटलीत टाका, नुसता पाण्यात सोडायचाय, तर मी भांडीवालीला हाक मारली. ती काडी टाकून गेली, आणि ती वेल आज खिडकीला तीन वेढे घालून बसली आहे. हसायचं तर हसा. माझ्याच्यानं झालं नाही.

म्हणून तर हा खेळ. यात हात कुठं लागतो? बटण लागतं! पहिल्या दिवशी मैनाबाईंनी ते बटण दाबलं आणि पडद्यावरच्या टोपीवाल्या शेतकऱ्यानं वाकून बी टाकलं, तेव्हा त्यांनी आधी दाराकडे पाहिलं होतं – कुणी बघत तर नाही. आणि मग मृग लागला. बाहेर मृग, म्हणजे पेरणी. त्यांनी दोन दिवस बसून एकूण एक वाफा लावला, पाणी घातलं, शेतकऱ्याला झोपायला पाठवलं. तो झोपला की खेळात सकाळ होते. सकाळ झाली... अठ्ठावीसचे अठ्ठावीस वाफे आडवे, तपकिरी.

प्रणालीनं फोनवर पुष्कळ समजावलं. आजी, खेळातलं कॅलेंडर वेगळं आहे, तिथं तो वसंताचा शेवटचा दिवस होता, मोसम बदलला की जुनं पीक जातंच, तुझं मृगनक्षत्र त्या गेमला कुठून माहीत असणार? मैनाबाई हो म्हणाल्या. डोक्याला पटलं. पण ते तपकिरी वाफे बघताना तळहात आपोआप गालाकडे गेला होता, आणि तो – खोटं कशाला सांगू – गरम लागला होता.

त्याच आठवड्यात त्यांनी कोड मागितला; प्रणाली दोन दिवस घरी आली तेव्हा लावून देऊन गेली.

दहा वाजले. खुणा तशाच. काढाव्यात? काढल्या तर आता खेळात भर उन्हाळा, आणि वावरात फुलकोबी उभी – बर्फासारखी पांढरी, शेजारी टरबूज, त्याच्या शेजारी मुळा. कोड नसेल तर रात्रीतून सगळं जाईल. नाही काढल्या तर मोठ्या बाई येतील, एक नजर टाकतील आणि विचारतील, काहून व मैने, वैशाखात कोबी? पन्नास वर्षं बागायत केलेल्या बाईला कोबीचा महिना कुणी शिकवायचा? लबाडीसुद्धा करताना अक्कल लागते. मी आपली तीनही खुणा लागल्याच्या आनंदात सहाही ऋतू एकाच वावरात भरून बसले. आणि मुद्दा खेळाचा नव्हताच. त्या दिवशी वाफ्यावर उभ्या असलेल्या बायकांपैकी आता एकच जिवंत होती. मैनाचा हात गरम नाही, असं म्हणू शकेल असं या पृथ्वीवर दुसरं तोंडच उरलं नव्हतं. ते तोंड एसटीत बसून अमरावतीकडे निघालं होतं.

मैनाबाईंचा अंगठा पहिल्या खुणेवर गेला. मागे आला. मग त्या उठल्या आणि काकडी किसायला बसल्या; काकडी किसताना माणसाला निर्णय घ्यावे लागत नाहीत.

बेल वाजली तेव्हा खुणा तीनच होत्या.

‘बाप्पा बाप्पा, किती पायऱ्या व ह्या! मानसं राह्यतात का चिमण्या?’ रुख्मिणीबाई दारातच बोलू लागल्या. पदरानं तोंड पुसलं, चपला काढताना भिंत चाचपली, दिवाणावर बसल्या, तांब्याभर पाणी प्यायल्या. ‘सायदेव म्हने मी गाडी पाठवतो. मी म्हनलं, एसटी मेली का? फुकटाचं तिकीट सोडू?’ सहदेव त्यांचा मुलगा.

‘तुमचा खेळ आनला नाही, बाई?’

‘चार्जिंगले लावला होता, तसाच राह्यला. आन, तुहा दाखव.’

मैनाबाईंनी खेळ दिला. देताना वाटलं, कापूस घेऊन गिरणीच्या काट्यावर उभं राहावं तसं. रुख्मिणीबाईंनी तो नाकाशी नेला, हातभर लांब धरला, पुन्हा नाकाशी आणला.

‘मैने!’

‘काय, बाई?’

‘काय वांगे लागले व तुले! हे एकच पाय ना – केवढं हाय! काळं झ्याक!’

मैनाबाईंनी वाकून पाहिलं. रुख्मिणीबाईंचं बोट जिथं होतं तिथं गाय उभी होती. काळी, पांढऱ्या ठिपक्यांची, शेपटी हलवणारी गाय.

थट्टा करतायत, असं वाटलं. थट्टा त्यांना शोभायची. पण रुख्मिणीबाईंचा चेहरा गंभीर होता, मन लावून माल पारखणाऱ्या बाईचा. आणि बोट पुढं सरकलं, कोंबड्यांवर. ‘अन् हा शेवंतीचा वाफा? पांढरी लावली का? बरं केलं, दसऱ्याले भाव राह्यतो.’ एक कोंबडी उडून कुंपणावर बसली. ‘वारं सुटलं वाटते,’ रुख्मिणीबाई म्हणाल्या.

तेव्हा कुठं... मोतीबिंदू. सहदेव वर्षभर ऑपरेशन ऑपरेशन करत होता आणि या म्हणत होत्या, मले सारं दिसते. यांना काही दिसत नाही. दिवाळीपासून दिसत नसणार. म्हणजे ती वांगी, ती कोथिंबीर, ती रोज अकरा वाजता निघणारी... गवार! खेळात गवार नव्हतीच. कुठल्याच पायरीवर नव्हती. प्रणालीची तीन तोंडं त्यासाठी हसत होती. मोठ्या बाई अकोल्यात खिडकीशी बसून, खेळ मांडीवर बंद ठेवून, पातूरचं वावर आठवून आठवून रोज मला तोडा सांगत होत्या – आणि मी इथं कोड लावून त्या गवारीची बरोबरी करत होते. चीट कोड? बाईंनी तर चीट मशीनच बंद ठेवून केलं होतं!

हसू आलं, पण रुख्मिणीबाई बोलत होत्या.

‘बुढी म्हने, मैनाचा हात गरम. आता पाय म्हना.’ त्यांनी खेळ मांडीवर ठेवला. ‘मले तवाच वाटलं होतं, मैने. तुह्या वाफ्याले पाट पोचतच नोयता, बांध फुटला होता. पन बुढीपुढे कोन बोलते? मी बी नवीच. बुढीची चूक झाली.’

अठ्ठेचाळीस अन् सतरा, पासष्ट वर्षं या वाक्याची वाट पाहिली होती. आणि ते आलं तेव्हा कोर्ट आंधळं, पुरावा बनावट, आणि आरोपीच्या डोळ्यांना पाणी. सांगून टाकावं – बाई, ही कोडाची किमया आहे, ही वांगी गाय आहे... पण गाय म्हटली की मोतीबिंदू उघडा पडतो, मोतीबिंदू उघडा पडला की गवार वाळते. आणि न सांगावं, तर मग हा निकाल माझा की त्या तीन खुणांचा? बांध फुटला होता म्हणाल्या. खरंच फुटला होता, की हेही गवारीसारखंच... कोवळं, बोटभर, कट् वाजणारं?

‘गवार हाय का तुह्याकडे?’ रुख्मिणीबाईंनी हळूच विचारलं. नको तितकं हळू.

‘नाही, बाई. तुमच्यावानी नाही.’

‘मंग लाव ना एक वाफा. माह्यासमोर लाव.’

मैनाबाईंनी खेळ घेतला. त्यांनी शेतकरी वाफ्यावर नेला नाही. त्यांनी कोडांची यादी उघडली. पहिली खूण गेली. दुसरी गेली. तिसरी, ती वाकडी, जरा वेळ घेऊन गेली.

‘काय टकटक करून राह्यली?’

‘तन काढून राह्यली, बाई.’

मग त्यांनी दुकानातून बी घेतलं, खेळाच्या उन्हाळ्यात चालणारं, टोमॅटोचं. एक रिकामा वाफा निवडला. बटणावर अंगठा ठेवला, आणि त्यावर रुख्मिणीबाईंनी आपला हात ठेवला, रोप लावणाऱ्याच्या हाताला हात लावतात तसा. मैनाबाई चपापल्या. त्यांचा स्वतःचा हात काकडीच्या पाण्यानं गार पडलेला. आणि वर टेकलेला तो गुणाचा, साऱ्या पंचक्रोशीनं वाखाणलेला हात तव्यासारखा तापला होता. ऊन, एसटीची दांडी, तीन मजले... कारणं पुष्कळ होती. पार्बताबाईंनी मोठीचा हात गालाला कधी लावून पाहिला होता का?

‘लावली?’

‘लावली गवार.’

‘पानी?’

‘घातलं.’

शेतकरी वाफ्यावरून निघून घराच्या दारात येऊन उभा राहिला. त्याला आत पाठवलं की तो झोपणार, आणि झोपला की सकाळ होणार – कोबी जाईल, मुळा जाईल, आणि त्या एका वाफ्याचं काय ते कळेल. मैनाबाईंनी त्याला आत पाठवलं नाही. दारातून वळवून पुन्हा वावरात नेलं, विहिरीभोवती फिरवलं, कुंपणाकडे नेलं, वांग्याच्या पाठीवरून हात फिरवायला लावला. वांगं हंबरलं.

‘हे काय वाजलं व?’ रुख्मिणीबाईंनी विचारलं. त्यांचा हात अजून तिथंच होता, आणि दोघींच्या हातांतला कुठला गरम आणि कुठला गार, हे आता मैनाबाईंना सांगता आलं नसतं.